स्वप्नकणांची वही : एकवीस रात्रींत एक काल्पनिक शास्त्र कसं उभं करायचं

स्वप्नकण आजवर कुणाला सापडलेला नाही आणि सापडण्याची चिन्हंही नाहीत. वहीच्या पहिल्या पानावर हे वाक्य पेनाने लिहा आणि मगच कामाला लागा. स्वप्न बारीक कणांचं बनलेलं असतं असं धरून चालायचं, त्या कणांना नावं द्यायची, ते मोजायचे, त्यांचे नियम बांधायचे आणि ते नियम मोडतात का हे पाहायचं. कण खोटे, मोजणी खरी. शाळेच्या विज्ञान प्रदर्शनाला, एकांकिकेला, विज्ञानकथेला किंवा नुसताच घरातल्या तिघाचौघांचा उद्योग म्हणून हे चालतं. नाशकात तरी यात ओशाळण्यासारखं काही नाही. २०२१ साली इथे भरलेल्या ९४व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद जयंत नारळीकरांकडे होतं, म्हणजे खगोलशास्त्रज्ञ आणि विज्ञानकथाकार अशा दोन्ही भूमिका निभावणाऱ्या माणसाकडे.

सामान थोडंच लागतं. दोनशे पानी एकरेघी वही, शिसपेन्सिल, गजराचं साधं घड्याळ आणि तोंडाला लाल जिलेटिन कागद लावलेली छोटी बॅटरी. पेन्सिलच हवी, कारण उताणं पडून वर धरलेल्या वहीवर बॉलपेन दोन ओळींत रुसतं. घड्याळाच्या जागी मोबाइल चालणार नाही. गजर बंद करायला हातात घेतलेल्या मोबाइलवर मावशीचा 'सुप्रभात' दिसला की रात्रभराचा माल गेलाच म्हणून समजा. थंडीत, म्हणजे मार्गशीर्ष-पौषात, वही आणि पेन्सिल उशाला ठेवू नका, गोधडीच्या आत ठेवा. नाशिकच्या थंडीत पहाटे हात बाहेर काढायचा कंटाळा येतो आणि 'उठल्यावर लिहू' म्हणून सोडून दिलेलं स्वप्न परत हाती लागत नाही.

पकडायचं कधी

स्वप्नं रात्रभर सारखी पडत नाहीत. १९५३ साली शिकागोत यूजीन आसेरिन्स्की आणि नॅथनिएल क्लाइटमन यांनी दाखवलं की झोपेत मधूनमधून बंद पापण्यांखाली डोळे भराभर हलतात, आणि त्या वेळी उठवलेला माणूस बहुतेक वेळा स्वप्न सांगतो. हीच रेम झोप. झोपेचं एक चक्र साधारण ९० मिनिटांचं असतं आणि रेम झोप चक्राच्या शेवटाकडे येते. पहिल्या चक्रात ती जेमतेम दहा मिनिटांची असते, पहाटेकडे अर्ध्या तासापर्यंत किंवा त्याहून जास्त लांबते. 'पहाटेचं स्वप्न खरं होतं' या म्हणण्यातलं 'खरं होतं' आपण सोडून देऊ, पण पहाटेचं स्वप्न लक्षात राहतं यात शंका नाही. पहाटे ती झोप लांब असते आणि तिच्यातूनच आपण थेट जागे होतो.

आता हिशोब. साडेदहाला पाठ टेकली, डोळा लागायला पंधरा मिनिटं धरली, तर पाच चक्रं सव्वासहाला संपतात. गजर सहाचा लावा, सव्वासहाचा नको. चक्र संपेपर्यंत थांबलात तर स्वप्नही संपलेलं असेल. प्रत्येकाचं चक्र नेमकं ९० मिनिटांचं नसतं, म्हणून पहिल्या तीन रात्री गजर पंधरा-पंधरा मिनिटं मागेपुढे करून बघा आणि सगळ्यात जास्त आठवलं ती वेळ पक्की करा. पुढच्या अठरा रात्री ती बदलायची नाही.

जाग आली की हलायचं नाही. कुशीसुद्धा बदलायची नाही आणि डोळे मिटलेलेच ठेवायचे. शेवटचं दृश्य आधी धरायचं आणि तिथून उलटं मागे जायचं: त्याआधी कुठे होतो, त्याआधी कोण होतं. तीन-चार दुवे हाती आले की बॅटरी लावून आधी फक्त शब्द खरडायचे ('जिना, बाई, बडीशेप, पाणी') आणि मग वाक्यं. सुरुवातीपासून सांगायला गेलात तर आठवणीतली भोकं मन स्वतःच बुजवतं, आणि कथा चांगली झाली तरी मोजणी बिघडते. दुसऱ्याचं स्वप्न लिहून घेताना 'मग भीती वाटली का?' असं विचारायचं नाही. 'मग?' एवढंच विचारायचं.

भेसळ

बाहेरचा आवाज, पाणी, उजेड स्वप्नात शिरतात. १९५८ साली डिमेंट आणि वोल्पर्ट या झोपेच्या संशोधकांनी रेम झोपेतल्या लोकांच्या अंगावर पाण्याचा फवारा मारून पाहिला, तेव्हा शंभरातल्या सुमारे चाळीस वेळा पाणी या ना त्या रूपात स्वप्नात आलं. म्हणून वहीत 'बाहेरचं' असा एक रकाना हवाच. पंचवटीत राहणाऱ्यांनी त्यात देवळांच्या घंटा आणि कार्तिकातला काकडा लिहावा, देवळालीकडच्यांनी तोफखान्याच्या सरावाचा गडगडाट, आणि सगळ्यांनीच घंटागाडी आणि शेजारचा कुकर. शिट्टी झाली आणि स्वप्नात आगगाडी आली तर ती आगगाडी मोजायची नाही, तिच्यापुढे 'भे' लिहायचं. हिवाळ्यात पंखा बंद असल्यामुळे भेसळ वाढते. उन्हाळ्यात पंख्याची घरघर बाकीचे आवाज बुजवते. त्यामुळे एका ऋतूतली वही दुसऱ्या ऋतूतल्या वहीशी थेट ताडून पाहू नका.

आदल्या संध्याकाळी वाइन घेतली असेल तर ती रात्र मोजणीतून वगळा. मद्य रात्रीच्या पहिल्या अर्ध्यात रेम झोप दाबतं आणि उत्तरार्धात तिची कसर निघते, तेव्हा मोजणी दोन्ही बाजूंनी फसते. झणझणीत मिसळीचं मात्र वेगळं आहे. जड, तिखट जेवणाने झोप मोडली तर स्वप्नं जास्त पडल्यासारखी वाटतात, पण वाढलेली असते ती बहुधा जाग. जेवण आणि रात्रीत किती वेळा जाग आली, दोन्ही लिहून ठेवा.

कणांची नावं

इलेक्ट्रॉन-प्रोटॉनसारखा कणाला 'ऑन' जोडायचा मोह आवरा. 'स्वप्नॉन' ऐकलं की दिवसातून दोनदा जेवणानंतर घ्यायचं टॉनिक वाटतं. बोलण्यातला शब्द घ्या, म्हणजे पहाटे सव्वासहाला अर्धवट झोपेतही तो सुचेल. आम्ही सहा जाती सुचवतो.

ठिकाण : स्वप्नातली प्रत्येक वेगळी जागा, एक कण. ओळख : प्रत्यक्ष हजर असलेला प्रत्येक ओळखीचा माणूस, एक कण. नाव एकाचं आणि चेहरा दुसऱ्याचा असेल तर तीच ओळख 'फुटकी' म्हणून फुलीने दाखवायची, दोन मोजायच्या नाहीत. धांदल : उशीर, परीक्षा, सुटणारी बस. चुकामूक : जे शोधतोय ते तिथे नसणं. पालट : वस्तूची दुसरीच वस्तू होणं. हुरहुर : जागं झाल्यावर उरलेली चव. ही एका स्वप्नाला एकच, जास्तीत जास्त.

सातवा 'दचक'. डोळा लागता लागता पायरी चुकल्यासारखं अंग उडतं ना, तो. हा झोपेच्या दारातला धक्का असतो, रेम झोपेतला नव्हे. रेम झोपेत तर हातापायांचे स्नायू जवळजवळ ढिले पडलेले असतात. म्हणून दचक वेगळ्या पानावर मोजायचा. नवखे लोक तो बेरजेत धरतात आणि मग पहाटेपेक्षा रात्री दहाला कण जास्त कसे, म्हणून डोकं खाजवत बसतात.

कण एकमेकांना कसे जोडतात याचा नमुना घरातच आहे. कणादांच्या वैशेषिक दर्शनात दोन परमाणूंचं एक द्व्यणुक आणि तीन द्व्यणुकांचं एक त्र्यणुक. डोळ्याला दिसणारी पहिली गोष्ट म्हणजे हे त्र्यणुक, झरोक्यातून आलेल्या उन्हात तरंगणारा रज. तेच घ्या: दोन स्वप्नकणांची एक जोडी, तीन जोड्यांचा एक प्रसंग. सहा कणांखाली प्रसंग नाही, नुसतं धूसर. असं नेमकं मांडलं की ते चूक ठरवता येतं. सहाच्या आतली स्वप्नं खरंच धूसर आठवतात का, हे तुमच्याच वहीत तपासता येतं. फक्त स्वच्छ की धूसर हा शेरा मोजणीच्या आधी मारलेला असला पाहिजे.

एक नोंद जवळून

नमुना अशा नोंदीचा: 'रात्र ९. झोप १०.४०, जाग ६.००, गजर. शेरा: स्वच्छ. आजीच्या घराचा जिना. वर चढलं तर कॉलेज रोडवरचं झेरॉक्सचं दुकान. काउंटरवर गणिताच्या बाई, चेहरा शेजारच्या काकूंचा. हॉल तिकिटाची झेरॉक्स पाहिजे, पेपर सुरू झालाय. खिशात तिकीट नाही, बडीशेप. बाई म्हणतात, मागच्या खिडकीत जा. मागे खिडकीच नाही, नदी. पाणी पायरीला लागलेलं. उठल्यावर पोटात कसंतरी. बाहेरचं: काही नाही.'

मोजू या. ठिकाणं तीन: जिना, दुकान, नदी. ओळख एक, फुटकी. धांदल एक, पेपर. पालट एक, तिकिटाची बडीशेप. चुकामूक एक, नसलेली खिडकी. हुरहुर एक. एकूण आठ, म्हणजे एक प्रसंग आणि वर दोन सुटे. सुटे कण फेकू नका, त्यांच्यासाठी शेवटी रकाना ठेवा.

भांडण होतं ते दोन जागी. 'आजीचं घर' म्हटलं म्हणून कुणी आजीची एक ओळख धरतं. ती धरायची नाही, आजी तिथे हजर नव्हती. आणि खिडकीच्या जागी नदी, म्हणजे पालट ना? नाही. जागा बदलली की ते ठिकाणातच मोजायचं. असे निवाडे वहीच्या मागच्या पानावर तारखेसह लिहीत चला. दहाव्या रात्री नवा निवाडा केलात तर आधीच्या नऊ रात्री नव्याने मोजाव्या लागतात.

म्हणूनच प्रत्येक नोंद दोघांनी एकमेकांना न दाखवता मोजायची. स्वप्नांतली माणसं, जागा, भावना ठरावीक नियमांनी मोजायची पद्धत केल्व्हिन हॉल आणि रॉबर्ट व्हॅन द कॅसल यांनी १९६६ साली मांडली, आणि तिचाही जीव दोन मोजणारे जुळण्यातच आहे. वरच्या नोंदीत एकाने ८ कण धरले, दुसऱ्याने आजीसकट ९, जुळले ८. आठ भागिले नऊ, ०.८९. सरासरी ०.८०च्या खाली गेली तर दोष मोजणाऱ्यांना देऊ नका, व्याख्या सैल आहेत. बहुतेक वेळा 'धांदल' सैल असते.

नियम बांधणं आणि मोडणं

इथवर सगळे मजेत येतात. शास्त्र फसतं ते पुढे, कारण मोडू शकत नाही असा नियम लिहायचा मोह होतो. 'मनी वसे ते स्वप्नी दिसे' ही म्हण म्हणून उत्तम, नियम म्हणून निकामी. स्वप्नात काहीही आलं तरी 'ते मनात असणारच' म्हणता येतं.

कामाचा नियम असा: 'तीन किंवा अधिक ठिकाणं असलेल्या स्वप्नात धांदल असतेच.' पहिल्या रात्रीआधी तो पेनाने लिहा, तारीख घाला आणि पाकिटात बंद करून अशा माणसाकडे द्या जो मोजणीत नाही. सोबत हेही लिहा की किती अपवाद झाले तर नियम रद्द. एकवीस रात्रींत चौदा स्वप्नं हाती लागली आणि त्यांतल्या सहांत तीन-तीन ठिकाणं होती असं धरा. सहापैकी पाचांत धांदल निघाली. लोक टाळ्या वाजवतात. पण उरलेल्या आठांकडे पाहिलं तर तिथे सातांत धांदल आहे! म्हणजे धांदल सगळीकडेच आहे आणि ठिकाणांशी तिचा काही संबंध नाही. दोन ओळी (तीन ठिकाणं आहेत, नाहीत), दोन रकान्यांचा (धांदल आहे, नाही) हा चौकोन काढल्याशिवाय कुठलाही नियम जाहीर करू नका. प्रदर्शनात परीक्षक नेमकं हेच विचारतात, निदान विचारायला हवं.

नियम मोडला की दुसरा मोह: नवा कण काढायचा. हे खऱ्या पदार्थविज्ञानातही झालंय. बीटा ऱ्हासात, म्हणजे अणुकेंद्र इलेक्ट्रॉन बाहेर टाकतं तेव्हा, ऊर्जेचा ताळेबंद जुळेना, तेव्हा १९३० साली वोल्फगांग पाउलींनी न दिसणारा एक कण सुचवला. तो म्हणजे न्यूट्रिनो. प्रत्यक्ष पुरावा कोवन आणि राइन्स यांना मिळाला १९५६ साली, २६ वर्षांनी. म्हणजे उधारी चालते, पण ती फेडावी लागते. एका वहीत एकच उधारीचा कण घ्या, आणि घेतानाच लिहा की तो असेल तर अजून न मोजलेल्या कुठल्या गोष्टीत काय दिसलं पाहिजे. दोन उधाऱ्या झाल्या की वही किराणा दुकानाची होते.

'क्वांटम' हा शब्द वहीत आणायचा नाही. माण्डूक्य उपनिषदातल्या जागृती, स्वप्न, सुषुप्ती, तुरीय या चार अवस्था वाचायला जरूर घ्या, पण आपल्या मोजणीला त्यांचा दाखला द्यायचा नाही आणि त्यांना आपल्या मोजणीचाही नाही.

अर्धायुष्य

आठवण किती वेगाने विरते हे मात्र सरळ मोजता येतं. चार चिठ्ठ्या करा: ०, ५, १०, २० मिनिटं. आदल्या रात्री घरातल्या दुसऱ्याने एक उचलायची, जाग आल्यावर तेवढा वेळ थांबून मगच लिहायचं. थांबताना रोज एकच काम, दात घासणं किंवा अंथरूण आवरणं. एकाच स्वप्नावर चारदा लिहून चालत नाही. एकदा लिहिलेलं पक्कं होतं, ते मग विरत नाही. म्हणून वेगवेगळ्या सकाळी लागतात, प्रत्येक चिठ्ठीला किमान चार, एकूण सोळा. नोंदींच्या एकवीस रात्रींत त्या घुसडू नका. ही स्वतंत्र वही.

सरासरी कण समजा १६, ११, ८, ४ असे आले, तर दर दहा मिनिटांना निम्मे, अर्धायुष्य दहा मिनिटं. आकाशातून येणाऱ्या म्युऑन या सूक्ष्म कणाचं सरासरी आयुष्य सुमारे २.२ मायक्रोसेकंद असतं, पण एखादा म्युऑन नेमका कधी संपेल हे कुणी सांगू शकत नाही. तसंच इथेही, एका सकाळीवरून काही ठरत नाही. आणि आकडे निम्म्या-निम्म्याने उतरतच नसतील, पहिल्या पाच मिनिटांत कोसळून मग स्थिरावत असतील, तर अर्धायुष्य हा शब्दच टाका आणि जो आलेख आला तो तसाच लावा.

पेरणी

कण बाहेरून पेरता येतात का? २०००च्या सुमारास रॉबर्ट स्टिकगोल्ड यांच्या गटाने लोकांना रोज काही तास टेट्रिस, म्हणजे वरून पडणारे ठोकळे रचायचा व्हिडिओ गेम, खेळायला लावलं. डोळा लागताना अनेकांना पडणारे ठोकळे दिसले. त्यांत स्मृतिभ्रंशाचे असे रुग्णही होते ज्यांना आपण खेळलो हेच आठवत नव्हतं. घरी करायचं तर सलग तीन संध्याकाळी दोन-दोन तास एकच बारीक काम करा: मणी ओवणं, शेंगा सोलणं. पाच-दहा मिनिटं गोष्टीचं पुस्तक वाचून काही उगवत नाही. निफाड-दिंडोरीकडे नातेवाईक असतील तर दिवसभर द्राक्षाच्या घडांची विरळणी केलेल्यांना त्याच रात्री विचारा, डोळे मिटल्यावर काय दिसतं ते. फक्त 'मणी दिसतात का?' असं नव्हे.

प्रदर्शनाची पेटी

टेबलावर नुसती वही ठेवली तर कुणी थांबत नाही. बुटाचं खोकं घ्या, साधारण ३० सेंटिमीटर लांब. आतून काळा कागद लावा, तळ आणि झाकणसुद्धा, पांढरं काही राहिलं तर झोत दिसत नाही. आखूड बाजूला ५ मिलिमीटरची उभी फट, बाहेरून एलईडी बॅटरी. आत ८ सेंटिमीटरवर तशीच फट असलेला दुसरा पुठ्ठा उभा करा, नाहीतर उजेड पसरतो. बघायचं भोक लांब बाजूला, बॅटरीपासून दूरच्या टोकाकडे, म्हणजे नजर किंचित उजेडाच्या दिशेने जाते आणि कण जास्त चमकतात. उदबत्तीचा धूर सोडाल तर झोत छान दिसेल पण सुटे कण दिसणार नाहीत, ते फार बारीक असतात. दहा सेकंदांहून जास्त धूर सोडलात तर आत दूध भरल्यासारखं होतं. सुट्या कणांसाठी फळ्याचं डस्टर झाकणाजवळ एकदाच हलकं आपटा आणि अर्धा मिनिट थांबा. जुना तापणारा बल्ब वापरू नका, गरम हवेने कण भोवऱ्यासारखे फिरतात आणि पोरं म्हणतात, जिवंत आहेत.

पेटीवर मोठ्या अक्षरांत: 'ही खडूची धूळ आहे. स्वप्नकण वहीत आहेत.'

मध्यरात्री गजर लावून उठायचे प्रयोग आठवड्यातून एका रात्रीपेक्षा जास्त करू नयेत, आणि लहान मुलांच्या बाबतीत अजिबात नाही; त्यांची आपोआप आलेली जागच घ्यावी. झोप मोडलेल्या रात्रीनंतरची रात्र मोजू नका. थकलेलं शरीर रेम झोपेची भरपाई करतं आणि कणांचा पूर येतो. वाईट स्वप्नांनी हैराण असलेल्या, किंवा झोपेचं औषध चालू असलेल्या माणसाला या खेळात ओढू नये.

एकविसाव्या सकाळी नोंद झाली की लगेच पाकीट उघडू नका. आधी दोन्ही मोजणाऱ्यांनी बेरजा पूर्ण करून खाली सह्या करायच्या, मग पाकीट. नियम टिकला असेल तर तो दुसऱ्या वहीच्या पहिल्या पानावर उतरवा आणि या वेळी स्वप्नं दुसऱ्या कुणाची घ्या. मोडला असेल तर त्यावर एक रेघ मारा, वाचता येईल अशी. खोडरबर वापरायचा नाही.